रांगेतला निळा टेंपो

—नका घेऊ हा, मी सांगतो तुम्हाला. आवारभर जप्तीच्या गाड्या पडल्यात, त्यातली कुठलीही बघा, पण हा निळा टेंपो सोडा. दिसायला बरा आहे, आत काही राम नाही. इंजिन तर गेल्यातच जमा. मी? मी — मेकॅनिक समजा. येत-जात असतो इथे. चावीसुद्धा हरवलीय यांनी, विचारा त्या लिलाववाल्या साहेबांना. बिनचावीची गाडी घेऊन काय, ढकलत नेणार घरी?

अहो अहो अहो! दार आपटू नका! जरा वर उचलायचं, मग लावायचं — बिजागरी उतरलीय तिची, मी कधीचा करीन करीन म्हणतोय — म्हणजे... बरं. हो. माझीच आहे गाडी. हसा आता.

चालू आहे ना केस! मेव्हणा चालवायचा माझा. घर बदलणाऱ्यांचं सामान म्हणून भरलं, आणि नाक्यावर कपाटांच्या मागून निघालं जंगलातलं चोरीचं लाकूड. मेव्हण्याला जामीन मिळाला, टेंपोला नाही! तो घरी पंख्याखाली लोळतोय आणि ही इथे उन्हात. वर कायदा काय म्हणतो, तर मालकाला माहीत नव्हतं हे मालकानेच सिद्ध करायचं. आता मला सांगा, माहीत नसलेली गोष्ट दाखवायची कशी? खिशातून काढून? जंगलखात्याच्या साहेबांना नाही पटलं, त्यांनी केली सरकारजमा. मग अपील केलं. वकीलबाई म्हणतात, मुद्दा पक्का आहे, स्थगिती मिळेल. सुनावणी सोमवारी — आणि लिलाव आज! एकदा विकली की ती गेली हो, मग वकीलबाई कितीही मुद्दे मांडोत. म्हणून सकाळपासून इथे उभा राहून येईल त्याला सांगतोय, नका घेऊ. दोघं गेलेही ऐकून. आज कुणी बोली लावली नाही तर लिलाव पुढे जातो, तेवढंच हवंय मला. बायको बोलत नाही घरात — ना भावाशी, ना माझ्याशी. तिला वाटतं, मला ठाऊक होतं. कोर्टाचं सोडा, तिलाच पटवता येत नाही मला... जाऊ दे, तुम्हाला कशाला सांगतोय मी हे.

काय म्हणालात? भंगारात? तोडायला घेताय? इंजिन गेलंय म्हणून? कुणी सांगितलं गेलंय म्हणून — मीच सांगितलं, हो, मीच, पण — अहो, काही नाही झालेलं इंजिनाला! दर रविवारी येतो मी, रखवालदाराला चहा पाजतो नि थोडा वेळ चालू ठेवतो. दुसरी चावी आहे माझ्याकडे, ही बघा. आणि तुम्ही पत्रा कापणार तिचा? चांगल्या चालत्या गाडीचा? लाज नाही वाटत? सरका, सरका बाजूला, बसू द्या मला. हां — ऐका आता. ऐकलंत? एका झटक्यात! कुठे खडखड आहे का सांगा. धूर बघा मागे जाऊन, आहे का काळा? हिला भंगार म्हणता!

हे लोक का वळून बघतायत इकडे? साहेबपण — नाही साहेब, सहज आपलं... हो, चालू आहे. चालते. मघाशी गेलेले ते दोघंही आले वाटतं परत. आई गं. काय करून बसलो मी हे.

जा तुम्ही, बोली सुरू झाली. जा, नाहीतर दुसरा कुणी नेईल. फक्त चालवायला घ्या, कापू नका, एवढं ऐका माझं. मी? नाही, मी नाही येत तिकडे. मला नाही ऐकायचं कितीला जाते ते. जा म्हणतो ना! — हो साहेब, उतरतो. उतरतोच आहे. एक मिनिट द्या, लगेच बंद केली तर इंजिनाला बरं नसतं.