साहेबाचं आडनाव

आडनावाचा विषय निघालाच आहे, तर आमच्या लातूरच्या डाळमिलमधली गोष्ट ऐका. नवी मशीन बसवायला स्कॉटलंडचा इंजिनिअर आला होता, मॅकिन्टायर नावाचा. आमच्या मिलचं सुतारकाम करणाऱ्या गणपतमामा सुतारांचा मुलगा विकास त्याचं इंग्रजी आम्हाला समजावून द्यायचा. हा विकास आडनाव बदलून 'जळकोटकर' लावायला निघाला होता, म्हणून मामांनी त्याच्याशी बोलणंच टाकलं होतं.

जेवताना मी साहेबाला आडनावाचा अर्थ विचारला. साहेब ऐटीत बोलला. विकास मात्र भाकरी मोडत बसला.

मामा मला म्हणाले, "शेटजी, विचारा की त्याला, काय म्हनला साहेब?"

विकास ताटात बघत म्हणाला, "सुताराचा पोरगा."

मामांनी पुन्हा मलाच विचारलं, "अन् साहेबानं कधी रंधा धरलाय का?"

विकासनं साहेबाला विचारून सांगितलं, "न्हाई. आज्यानंबी धरला न्हाई. पण नाव सोडणार न्हाई म्हणतो."

मामा सुतार आहेत हे कळताच साहेब ताटावरून उठला आणि वाकून त्यांच्या पाया पडला. माणूस लई मोठ्या मनाचा!

विकास हळूच म्हणाला, "बाबा, राहू द्या. सुतारच लावतो."

मामा आता थेट त्याच्याकडे वळले. "घरचा सुतार सांगून थकला, तवा न्हाई पटलं! गोरा सुतार आनावा लागला व्हय रे?"