घोट्याला लागली हळद

गड्यांनो, माझ्या घोट्यातलं पाणी काढलं त्याची गंमत ऐका. हुतुतूत पाय मुरगळून घोटा हा एवढा सुजला, आणि महिनाअखेरीला अंबरनाथच्या पोरांशी मॅच! आईनं जवळच्या सिंधी कॅम्पातल्या डॉक्टरकडे नेलं.

“डॉक्टर, ह्याचा घोटा बघा हो.”

डॉक्टर हसला. “माई, सिंधी में घोट माने दूल्हा! सुई से पानी निकालेंगे दूल्हे का.”

“मग हळू टोचा, लग्न मोडेल,” मी बोललो.

पण सुई बघितली आणि मी डोळे गच्च मिटले. सिरिंजभर पिवळं पाणी निघालं, पाय हलका झाला.

“मॅच खेलेगा तू. लेकिन पंधरा दिन आराम.”

आई पिवळी सिरिंज बघत म्हणाली, “हळद लागली. आता नवरदेवानं घराबाहेर पडायचं नाही.”

“म्हणजे शाळा पण नाही ना?”

“शाळेत वरात नेऊ की तुझी!”

आणि नेली राव, बाबांच्या सायकलवरून!