आमच्या जिन्याचा कठडा

...आणि वर लोक मलाच विचारतात, "घासलंत कसं?" कसं म्हणजे? हातानं! ही बोटं बघा, अजून मिटत नाहीत! तुम्हीच सांगा, जिन्याच्या स्टीलच्या कठड्यावर चार तांबूस ठिपके आले, तर माणसानं ओल्या फडक्यानं पुसावेत आणि गप्प बसावं की नाही? मीही बसलो असतो हो! पण आईचं खुब्याचं ऑपरेशन झालेलं, रविवारी ती घरी येणार, आणि तिची खोली वरच्या मजल्यावर! खाली झोप म्हटलं तर, "मी काय पाहुणी आहे?" डॉक्टरांनी बजावलेलं, कठडा घट्ट धरूनच चढायचं, पुन्हा पडल्या तर अवघड आहे. आणि आमची आई म्हणजे धुतलेला पेला पुन्हा दोनदा विसळून घेणारी बाई, ती गंजाला हात लावेल? म्हणून घासायचं ठरलं.

तेवढ्यात बायकोचा भाऊ अवतरला. तुम्हाला सांगतो, या माणसानं जन्मात स्वतःचा चमचा धुतलेला नाही, पण सल्ला विचारू नका... म्हणजे विचारावा लागतच नाही! "दाजी, गोंजारताय काय? हा घ्या लोखंडी तारेचा ब्रश, खरवडून काढा. स्टील आहे हो, त्याला काय होतंय!"

घासलं! सोमवारी, सतरा पायऱ्या, खालून वर, वरून खाली, ब्रश आडवातिडवा, घाम गळतोय, खांदा निखळतोय, आणि हा खाली उभा राहून चहा पितोय, "आणखी जोर लावा दाजी, स्टील आहे, त्याला काय होतंय!" बुधवारी सकाळी बघतो तर चार ठिपके गायब! सापडणार कुठून? अख्खा कठडाच तांबूस!

मग कठडे बनवणारा कारागीर आला. त्यानं बोट फिरवलं, डोळे मिटले, आणि अगदी हळू विचारलं, "कोणी घासलं हे?" मी बायकोकडे बघितलं, बायकोनं भावाकडे, भावानं छताकडे. "साहेब, ब्रशचा लोखंडी चुरा बसलाय यात, तो गंजलाय. आणि स्टीलला रेघा असतात, त्या धरून घासायचं, तुम्ही आडवं घासलंत." स्टीलला रेघा असतात! तुम्हाला माहीत होतं? मेहुणा पुटपुटतोय, "स्टील आहे, त्याला काय..." "तोंड उघडू नकोस!" मी म्हटलं.

दोन दिवस, तुम्हाला सांगतो, दोन दिवस घरात ते पॉलिशचं मशीन! घर्रर्र... कानात घर्रर्र, भातात काळी भुकटी! "पूर्वीसारखं होईल ना?" "नाही साहेब, ओरखडे खोल गेलेत. आता आरसाच करावा लागेल." केला आरसा! शनिवारी त्यात माझं तोंड दिसलं, लांबट, वाकडं, पण संतापलेलं स्पष्ट दिसत होतं. लगेच बायकोचं फर्मान, "कुणी हात लावायचा नाही, बोटं उमटतात!" अगं, कठडा आहे तो!

रविवारी आई आली. पहिली पायरी, दुसरी पायरी, कठडा धरला आणि... सुर्रकन हात घसरला! मी मागेच होतो म्हणून सावरली. मी इतका घाबरलो की मला रडू फुटलं, रडू फुटलं म्हणून राग आला, आणि समोर उभा कोण? मेहुणा! कठडा हलवून बघतोय, म्हणतोय, "स्टील आहे दाजी, त्याला काही झालेलं नाही!"

"अरे, त्याला नाही रे, तिला झालं असतं!" असा ओरडलो, असा ओरडलो की शेजारचे खिडकीत आले.

आई शांत. "ओरडू नकोस. माझ्या कपाटातली जुनी सुती चादर आण." आणली. टराटरा फाडली, पट्ट्या केल्या, आणि पायरीवर बसून तिनं माझ्याकडून कठड्याला त्या गुंडाळून घेतल्या, वरपर्यंत! मग मूठ आवळली आणि चढली की हो! सतरा पायऱ्या, कुणाचा हात न घेता! वर पोचून माझ्याकडे बघून हसली, तेव्हा कुठे माझा जीव भांड्यात पडला.

आता येणारा-जाणारा विचारतो, "कठड्याला काय लागलं?" आत आरसा आहे हे कुणाला पटत नाही. आणि दर आठवड्याला वरून आईची हाक येते, "अरे, पट्ट्या मळल्यात, धुवायला घे!" मी मुकाट्यानं सोडतो, बादलीत टाकतो, तोच स्वयंपाकघरातून बायको म्हणते, "अहो, उघडा आहे तोवर जरा घासूनही घ्या ना!"

घेतो. काय करता?