धुक्याचं तिकीट

मला सांगा राव, मी चिडू नको तर काय करू? मंचरला राक्षसाचा पिक्चर लागला म्हणून आत्याला हौसेनं दुपारच्या खेळाला नेलं. पहिला तासभर नुसतं धुकं आन् धाडधाड पावलं. माझं डोकंच फिरलं. तिकीट राक्षसाचं काढलंय का धुक्याचं? आत्यानं मात्र माझं मनगट असं आवळलं व्हतं की नखं रुतली.

शेवटी राक्षस भर उन्हात बाहेर आला, पार डोंगराएवढा. तर आत्यानं माझा हात सोडला आन् पिशवीतल्या शेंगा काढून सोलायला बसली.

"आत्या, आता तर खरा आलाय. बघ की."

"दिसतोय मला. दिसणाऱ्याला काय भ्यायचं? आपल्या उसातला बिबट्या कधी दिसतो का?"

सगळ्या पिक्चरचा इस्कोट केला बाईनं. रागारागात तिला घेऊन घराकडं निघालो. दिवस कलला व्हता. उसाच्या कडंनं वाटेला लागलो तर वस्तीवरची कुत्री एकदम गप. उसात पान हलत नव्हतं, काहीच दिसत नव्हतं.

मी गुपचूप आत्याचं मनगट धरायला गेलो, तर तिनं माझं आधीच धरलं व्हतं.