वर्षालीताईचं वाक्य

नाही, मी काय म्हंतो, फूलवाल्याच्या पोट्ट्याले प्लास्टिकच्या कागदात गुंडाळलेले शिळे गुलाब कोण देते हो? अन् तेही स्टेजवर, साऱ्यांच्या समोर! हातात घेतले तं एका गुलाबाची मान तिथंच लवंडली. आमच्या घरी असं फूल बकरीपुढं टाकते. पण मी काय बोलणार? बक्षीस ताईचं, गुलाब त्यांचे, हात तेवढे माझे. आता मी काय करू, तुमीच सांगा!

तुमाले सांगतो, हे सारं सुरू झालं फोनपासून. ताईचा मोबाईल माय बंद करू देत नाही, म्हून तो माझ्याच खिशात राहते. सकाळी अमरावतीच्या फूलबाजारात, झेंडूचं पोतं खांद्यावर, अन् तो वाजला. तिकडून एकदम गुळगुळीत आवाज, "नमस्कार! वर्षाली बोलताय का? मी अकोल्याहून, नाट्यस्पर्धेचा सचिव. हार्दिक अभिनंदन!" मी म्हटलं, "मी भाऊ बोलून राहिलो." "मग ताईंना द्या ना जरा." "ताई नाही." "बरं, कधी येतील?"

आता याले उत्तर काय? इकडून गिऱ्हाईक वरडते, "अबे शुभम, झेंडू काय भाव?" तिकडून हा इचारते, कधी येतील! मी म्हटलं, "साहेब, पोळ्याच्या आधी वारली ती. साधा ताप म्हणता म्हणता..." तं तो बिचारा असा घाबरला का मलेच त्याले म्हणा लागलं, राहू द्या, राहू द्या. मंग हळूच म्हणे, "अरेरे... मग बक्षीस घ्यायला कोण येईल?" म्हटलं, मी येतो! निघूनच गेलं तोंडातून. माझं तोंड डोक्याले इचारत नाही, लहानपणापासून.

बक्षीस कशाचं, तं सहाय्यक अभिनेत्री. मायनं इचारलं, "सहाय्यक म्हंजे काय रे?" मी सहावीत शाळा सोडलेला, मले काय माहीत! म्हटलं, "माय, तोरणात झेंडूच्या मधात आंब्याचं पान असते न, तसं. लोकं फुलाकडे पाहते, पण पान काढलं तं तोरण भुंडं दिसते." माय म्हणे, "मंग सरळ पानाचं बक्षीस म्हणाव न!"

अन् ताई तं जन्माचं पान! वय सव्वीस, पण स्टेजवर कायम साठीच्या पुढं. कधी सासू, कधी आत्या, कधी शेजारची म्हातारी. पावडर तोंडाले कमी अन् केसाले जास्त. एकडाव पाहाले आलेल्या पोरानं भिंतीवरचा नाटकातला फोटो पाहून इचारलं, "ह्या मुलीच्या आजी काय?" ताई आतून ओरडली, "हाव, अन् आजीच चहा आणून राहिली, थांबा!" लग्न काही जमलं नाही. चहा मात्र दोनदा पेले ते लोकं.

तं सांगत काय होतो... हां, वाक्य. या नाटकात ताई आत्या होती. नायिका घर सोडून निघते, दारात वळून आत्याले एक इचारते, अन् आत्या एक वाक्य बोलते. बस, त्या एका वाक्यासाठी बक्षीस! पेपरात आलं होतं, आत्याच्या वाक्यानं सारं नाट्यगृह गप झालं. अन् अकोल्याची रीत अशी, का जिंकणाऱ्यानं आपल्या नाटकातलं एक वाक्य स्टेजवर बोलायचं, मंगच बक्षिसाची बाहुली हातात.

हे मायले सांगितलं अन् फसलो. मायनं ताईचं एकही नाटक पाह्यलं नाही; देवळापुढं आमचं दुकान, संध्याकाळी हाराची गर्दी, कोण सोडते? मी सोडे ताईले गाडीवर, पण मी बाहेर चहाच्या टपरीवर. ताईच म्हणे, "तू समोर बसू नको, तुझं थोबाड दिसलं का मले हसू येते." तं माय म्हणे, "काय म्हटलं रे माह्या पोरीनं, का एवढी लोकं गप झाली? फोन चालू ठेवजो. मले एकडाव आयकव." बस, एवढंच मागितलं तिनं. दिवाळीले लुगडंही मागितलं नाही. मी छाती ठोकून म्हटलं, "चिंता नको करू माय, तालीम तं मीच घेत होतो!"

घेतच होतो न! संध्याकाळी हार ओवता ओवता आमचं नाटक चाले. मले वाचता येते, पण माझं वाचन म्हंजे चिखलातली बैलगाडी. म्हून ताईनंच समोरच्याची वाक्यं बोलून बोलून माझ्याकडून पाठ करून घेतली. मी नायिका, मी फौजदार, मी सासरा! अन् ताईचं वाक्य आलं का...

थांबा, सांगतो.

अकोल्याले गेलो. ताईची नाटकमंडळी येणार होती, पण त्यांचा त्याच दिवशी नागपूरले प्रयोग. आत्याच्या जागी दुसरी बाई उभी केली म्हणे. करा लागते. तोरण काय एका पानासाठी थांबते? माझं नाव पुकारलं. मी वर. एका हातात ते मेले गुलाब, दुसऱ्या हातात मोबाईल, त्यात मायचं नुसतं कपाळ दिसून राहिलं, कारण तिले फोन धरता येत नाही. सचिवसाहेब माईकवर म्हणे, "आता वर्षालीताईंचे बंधू ते गाजलेलं वाक्य सादर करतील!"

मी माईकपुढं तोंड नेलं. अन् नायिकेचं वाक्य असं ठणकावलं का काय सांगू! "आत्या, मी चालली! उद्या हारून परत आली, तं दार उघडाल काय?"

अन् थांबलो.

सवयीनं थांबलो हो! रोज तिथंच थांबत होतो. पुढचं तिचं राहे. सारं नाट्यगृह माझ्याकडं पाहून राहिलं अन् मी शेजारी पाहून राहिलो. तवा मले समजलं, का मले साऱ्यांची वाक्यं पाठ हाय, एक तिचंच नाही.

सचिव हळूच म्हणे, "पुढे? पुढे बोला ना." म्हटलं, "तुमी सांगा." तो म्हणे, "मी? मी त्या वेळी पाहुण्यांच्या जेवणाचं बघत होतो." मंग परीक्षकांले इचारलं. एक म्हणे, "अप्रतिम वाक्य होतं! उंबरठा हा शब्द होता त्यात." दुसरी बाई म्हणे, "नाही हो, कडी होती, कडी." तिसरे गृहस्थ म्हणे, "शब्दांपेक्षा नजर..." आता बोला! ज्यांनी बक्षीस देलं त्यांले वाक्य माहीत नाही, ज्यानं घेतलं त्याले माहीत नाही, ज्यांले माहीत ते नागपूरले मोबाईल बंद करून स्टेजवर! अन् मोबाईलमधलं कपाळ म्हणते, "बोल न रे शुभ्या, मी आयकून राहिली." आता मी काय करू, तुमीच सांगा!

जे माहीत होतं ते केलं. घरी ताईचे दोन्ही हात फुलात राहे, अन् सुईचा दोरा तानून दातात धरलेला. म्हून तिचं वाक्य शब्दांत निघेच ना, नुसता सूर निघे. मी तोच काढला माईकवर, दात आवळून, डोळे मिटून: "हूंहूं हूं... हूंहूं, हूंऽऽऽ."

कोणी तरी फिसकन हसलं. अन् तेवढ्यात मोबाईलमधून, साऱ्या नाट्यगृहाले आयकू जाईल अशी मायची आरोळी, "अवं वर्षे, दोरा काढ न तोंडातला अन् मंग बोल!"

हसले सारे. मग एकदम हसेनासे झाले. मायचं कपाळ फोनमधून सरकलं, मागचं छत दिसाले लागलं, नुसता पंखा फिरून राहिला. सचिवसाहेबानं घाईघाईनं बाहुली माझ्या काखेत कोंबली, म्हणे, "वा, उत्स्फूर्त!"

दुसऱ्या दिवशी नायिकेचं काम करणाऱ्या पौर्णिमाताईचा फोन आला. "शुभम, ते वाक्य मी सांगते, आईंना दे फोन." मी पळतच गेलो. माय म्हणे, "राहू दे. तिच्या तोंडून नको."

आता बाहुली दुकानात हाय, वजनकाट्याशेजारी. गिऱ्हाईक इचारते, ही केवढ्याले? संध्याकाळी आमी दोघं हार ओवतो. काल माझ्या तोंडानं डोक्याले न इचारता पुन्हा म्हटलंच, "आत्या, दार उघडाल काय?" वाटलं, माय आता रडते का मारते! तं तिनं मान वर केली नाही, सुईत झेंडू सरकवत म्हणे, "थांब जरासा. काहून घाई करतं? तोंडात दोरा हाय तिच्या."

मंग काय, थांबून राहिलो. आता मी काय करू, तुमीच सांगा!