तोंड त्याचं, आवाज दुसऱ्याचा

...आणि वर मलाच विचारतात हो! मी आपला दुकानात मटण तोडतोय, तर बायका म्हणतात, "एल्वियो, तुमचा मेहुणा सिनेमात कसा गरजतो, आणि काल पाव घ्यायला आला तर हे... गंजलेलं बिजागर वाजावं तसं?" आता किती जणींना सांगू? अहो, आमच्या रोममध्ये शूटिंग मुकंच चालायचं! नटानं नुसते ओठ हलवायचे. कोणी संवादाऐवजी आकडे म्हणायचा, कोणी स्वैपाकाची यादी! नंतर स्टुडिओत बसून भलताच कोणीतरी त्यात आवाज भरणार. आमचा गालियानो दरोडेखोर झाला, सेनापती झाला, दर सिनेमात मेला, पण स्वतःच्या गळ्यातून एकदा 'आई गं' ऐकू आलं असेल तर शपथ! तोंड त्याचं, आवाज दुसऱ्याचा!

आणि तरी हा प्राणी संवाद अक्षर न् अक्षर पाठ करायचा. म्हटलं, "अरे वेड्या, ऐकणार कोण?" तर म्हणतो कसा, "ओठांना कळतं, एल्वियो." घ्या!

बरं, डोळे होते तोवर सासूबाईंचं भागलं, निदान पोरगा दिसायचा. डोळे गेले आणि संपलं सगळं. टीव्हीसमोर बसायचं आणि म्हणायचं, "हा माझा नव्हे... हाही माझा नव्हे... लोरेदाना, तुझा भाऊ आला का गं?" माझी बायको म्हणायची, "अगं आई, मघाशीच मेला तो!" मग म्हातारी रडायला लागायची. म्हणायची, "मरायच्या आधी एकदा माझ्या पोराला सिनेमात बोलताना ऐकू दे रे देवा." तुम्हाला सांगतो, मी कसाई माणूस, पण मीसुद्धा ताट बाजूला सारून टीव्ही बंद करायचो.

आणि अशात मालिका आली! नवीन पद्धत, बोलाल तेच ऐकू येणार. गालियानो झाला पाद्री, मरणाऱ्या माणसाशी लांबलचक बोलणारा. रविवारी सगळं घर जमलं, कोकराची तंगडी मी आणली, सासूबाई ठेवणीतली शाल पांघरून टीव्हीला कान लावून बसल्या. पाद्री आला. तोंड उघडलं. आणि... घुमला की हो पुन्हा तसलाच जाडाभरडा परका आवाज! मागाहून कळलं, निर्मात्याला म्हणे मूळचा आवाज पाद्र्याला शोभेना. याला कोणी सांगितलंसुद्धा नव्हतं! तोंड त्याचं, आवाज दुसऱ्याचा!

सासूबाई म्हणाल्या, "हा कोण बोलतोय?"

गालियानो पांढराफटक. मग उठला, टीव्हीचा आवाज बंद केला, आईच्या पायाशी बसला, आणि टीव्हीतला पाद्री ओठ हलवतोय त्याबरोबर बोलायला लागला, "घाबरू नकोस बाळा, मी इथंच आहे..." त्याच बिजागरासारख्या आवाजात! अहो, ओठाला ओठ जुळत होता! जिला दिसत नाही तिच्यासाठी! कोकरू गार झालं, कोणाला शुद्ध नाही. मी इतकी वर्षं या माणसाला काय समजत होतो? मेहुणा! अहो, नट होता हो तो, नट! सासूबाईंनी त्याचं तोंड चाचपलं, ओठांवर बोटं ठेवली आणि म्हणाल्या, "हा माझा. पण मफलर घालत नाही कार्टा, घसा बसलाय."

झालं! तिथंच थांबतील तर त्या सासूबाई कसल्या? आता दर रविवारी जुने सिनेमे, टीव्ही मुका, आणि गालियानो आईशेजारी बसून गरजतो, धमकावतो, मरतो. एकेक संवाद तोंडपाठ! नायिकांचं लोरेदाना बोलते. पण त्या सिनेमांत धावपळ किती असते तुम्हाला ठाऊक आहे, आणि म्हातारीचे कान असे तिखट, की मध्येच हात वर! "थांबा! दरोडेखोर पायी आला का? जावईबापू, घोडा कुठाय?"

अहो, जावई मी त्या घरचा! पहिलं ताट माझं, मानाची खुर्ची माझी... आणि त्या खुर्चीत बसून मांड्या थोपटतो, खिंकाळतो. परवा म्हणाल्या, "हा घोडा माझ्या ओळखीचा वाटत नाही, जरा जीव ओतून करा." केला हो, करतो काय! तोंड माझं... आवाज घोड्याचा!