पेचीचा आवाज

नको, तू बोलूच नकोस, वैदेही. दारातून 'अम्मा' म्हणालीस तेवढं पुरे झालं — मी आतून 'आले गं, पेची' म्हणत उठलेच की! पोरीला जाऊन महिना झाला आणि मी तिला ओ देतेय. तेव्हा तू आपली नुसती मान हलव. बस. कॉफी घे. ताडगुळाची आहे, तुम्हा मैलापूरकरांना चालते ना? आमच्या तिरुनेलवेलीकडे हीच. चालते? बरं.

मालिकेचं डबिंग सोडू का, हेच विचारायला आलीस ना? फोनवर रडलीस तेव्हाच कळलं मला. तुझ्यावर राग नाही गं. चेहरा तिचा नि आवाज तुझा, हे पहिल्या सिनेमापासूनचंच. डायरेक्टर म्हणाला, पोरगी दिसते चांदण्यासारखी आणि तोंड उघडलं की दारोदार मीठ विकणारी. पेची हसली. मी नाही हसले — मी विकलंयच मीठ, माझाच गळा घेतला होता तिनं! मग नावसुद्धा बदललं, वेण्णिला — चांदणंच ते. मुलाखतीला कुणी आलं की गालात हसायचं, बोलायचं नाही — निर्मात्याची ताकीद. मग तिचा आवाज राहिला कुठं? कुठंच नाही. शूटिंगला बोलायची ते टेपवर असतं म्हणे, म्हणून गेले मी स्टुडिओत विचारायला. यंत्रावरचा माणूस भला होता, म्हणाला, अम्मा, ते केव्हाच पुसलं, पण तुमच्या मुलीचा आवाज आहे की, ऐका — आणि तुझा लावला. मी तो ऐकला. बरं वाटलं म्हणाले त्याला.

आणि ती मालिका. ती गेली त्याच पंधरवड्यात पडद्यावर पाटी, 'हिच्याऐवजी ही'. नवी मुलगी, अंगावर पेचीची निळी साडी, पेचीसारखीच वेणी. बघवेना म्हणून मी उठून स्वयंपाकघरात गेले, तर मागून पेची बोलतेच आहे! सासूला टोमणे मारतेय, नवऱ्याला समजावतेय, थांबायचं नाव नाही. रसम उतू गेलं तरी मी तशीच उभी. दुसऱ्या दिवशी परत. आता रोज टीव्ही लावते आणि भिंतीकडे तोंड करून आत बसते, चेहरा दिसू नये म्हणून — हे तुला सांगायचं नव्हतं मला. जाऊ दे.

सोडू नकोस तू. सोडलीस तर संध्याकाळी मी काय करू? पण माझ्यासाठी एक कर. एकदाच, एकच वाक्य तिच्या आवाजात बोल. खऱ्या. लोकांनी तो ऐकलाच नाही गं, आणि हॉस्पिटलात घशात नळी घातली ती शेवटपर्यंत, जाताना मलाही काही ऐकवून गेली नाही. घोगरा होता. पोटातून यायचा, सकाळी तर बाप्यासारखा. मी शिकवते ना, तू कुणाचाही गळा उचलतेस. मला येतो का? म्हणजे काय! आईला नाही येणार तर कुणाला? ऐक हं. शूटिंगवरून आली की चपला एक इकडं, एक तिकडं, आणि — 'वाढ की गं, भुकेनं मेले!'

नाही, असं नव्हे. जाड. खालून. 'वाढ की गं —'

थांब, कफ झालाय. 'वाढ की —'

गोड का येतोय हा? इतका गोड कुठून — वैदेही, हा तुझा आहे. माझ्या तोंडून तुझा निघतोय. मी तर रोज आठवत होते, रोज... कधी गेला तो?

ऊठ. जा तू. आणि रडू नकोस इथं — सिनेमात तिचं रडणंही तूच रडायचीस. जिना उतर, रस्त्यावर जा, मग रड.